कल आओ म्हणाले, प्रतिभा काल गेली

प्रतिभा मुनेश्वर ही एकोणतीस वर्षांची स्त्री आहे. हे वाक्य मी मुद्दाम सर्वांत आधी लिहीत आहे, कारण तिला पाहिल्यावर त्यावर कोणीही विश्वास ठेवणार नाही. तिचे केस पांढरे झाले आहेत, पाठ वाकली आहे, उजव्या डोळ्यात मोतीबिंदू उतरला आहे आणि तिची मुलगी अजून पाचाची झालेली नाही. यात निसर्गाचा दोष किती आणि माणसांचा किती, हे वाचकांनी ठरवावे. माझे मत ठरलेले आहे आणि ते सौम्य नाही.

हिवरीच्या मराठी शाळेत ती माझी विद्यार्थिनी होती. पाठांतरापेक्षा अर्थाकडे लक्ष देणारी मुलगी. शब्द कळला नाही तर पुढच्या ओळीला जाऊ द्यायची नाही. तिला नर्स व्हायचे होते. परंतु आमचा भाग तेलंगणात मोडतो, आणि सातवीच्या पुढे इथे मराठीतून शिकण्याची सोय नाही. तेलुगू माध्यमाच्या शाळेत ती वर्षभर तामसीला बसने जाऊन आली. बाजारापुरती तेलुगू तिला येत होती, विज्ञानाच्या पुस्तकापुरती आली नाही. ती घरी बसली. पुढे गावातल्याच जीवनशी तिचे लग्न झाले. जीवन हंगामात आदिलाबादच्या कापसाच्या जिनिंगमध्ये काम करतो, एरवी गवंड्याच्या हाताखाली. सासू सखूबाई. मुलगी दीक्षा.

दीक्षा ऐकत नाही हे घरात कोणाच्या लक्षात आले नव्हते. शेजारच्या लग्नात डीजेच्या खोक्याला टेकून ती गाढ झोपली, तेव्हा सखूबाई कौतुकाने सांगत होती, "लई गुणाची पोर हाय माई. कायचाच तरास नाई." प्रतिभाने ते ऐकले, खोक्याकडे पाहिले, पोरीकडे पाहिले आणि ताटावरून उठली. दुसऱ्या दिवशी ती डॉक्टरांकडे होती. डॉक्टरांनी सांगितले की कानाला यंत्र लागेल, आणि ते पाच वर्षे पुरी होण्याच्या आत लागले पाहिजे. नंतर आवाज ऐकू येईल, पण बोलणे येईलच असे नाही. त्याच सुमारास आदिलाबादला श्रवण साहाय्य केंद्र नावाचे एक केंद्र उघडले होते. तिथे अशी यंत्रे मोफत देणार होते. दीक्षाचे कान तपासून झाले, आणि मग चकरा सुरू झाल्या.

यापुढचे समजण्यासाठी आमच्या गावामागची वाट सांगणे भाग आहे. अशा वाटा आता पुष्कळ ठिकाणी आहेत, त्यांची पाहणी झाली आहे, त्यांवर चर्चासत्रे भरतात. आमच्याकडे तिला मागची वाट म्हणतात. नाल्याच्या पलीकडे सागाच्या दोन टेकड्यांमधून ती जाते. तुम्ही दुपारी शिरा की संध्याकाळी, दुसऱ्या टोकाला बाहेर पडता तेव्हा आदल्या दिवसाची सकाळ उजाडत असते. जो मागे जातो त्याला आपलाच दुसरा देह भेटत नाही. काल तो जिथे होता तिथे तो आता नसतो, एवढेच. गेलेला दिवस फक्त त्याच्याच आठवणीत राहतो, बाकी सर्वांसाठी तो घडलेलाच नसतो. पुढे येणारी वाट मात्र नाही. परत यायचे तर दिवस जगूनच यावे लागते. आणि किंमत अंगावर पडते. एका खेपेला दीड-दोन वर्षांचे आयुष्य जाते.

म्हणून हिवरीत ती वाट कोणी सहज वापरत नाही. बापाची शेवटची भेट चुकली तर लेक एकदा जातो. गावात अशी अकाली पिकलेली दोन-चार डोकी आहेत, आणि त्यांना कोणी कारण विचारत नाही. मात्र एक रीत सर्वांना ठाऊक आहे: जायचे असेल तर आजच जा. उद्यावर टाकले तर एकाऐवजी दोन खेपा पडतात. याच कारणाने आमच्या गावात 'कल' हा शब्द कोणी नुसता उच्चारत नाही. मराठी कानाला तो 'काल' ऐकू येतो, आणि हिंदीत तो कालही आहे आणि उद्याही. इतरत्र हा विनोद असेल. आमच्याकडे काल चालत जाता येतो. साड्यांचा गठ्ठा घेऊन येणारा उत्तरेकडचा फेरीवालासुद्धा हिवरीत "आनेवाला कल" असे पुरते बोलतो. फेरीवाल्याला जे कळते ते सरकारला कळत नाही. वाटेच्या तोंडाशी तारेचे कुंपण घालून शासनाने जी पाटी लावली आहे, तीवर तेलुगू आहे, इंग्रजी आहे. ज्या माणसांच्या पायांखाली ती वाट आहे त्यांची भाषा नाही. मी यासाठी अर्जांमागून अर्ज केले. पाटीला गंज चढला.

त्या गुरुवारी प्रतिभा केंद्रात गेली. तिथला बाबू तेलुगू भाषक. समोर मराठी बाई दिसली म्हणून त्याने आपली भाषा सोडली आणि मोडकी हिंदी धरली.

"मशीन कल. कल आओ," तो म्हणाला.

'मशीन कल'ला क्रियापद नाही, काळ नाही. त्याने 'रेपु' म्हटले असते तर तिला कळले असते. 'रेपु' म्हणजे उद्या आणि 'निन्न' म्हणजे काल हे बाजारात टोमॅटो घेणाऱ्या कुठल्याही बाईला आमच्याकडे कळते. आपल्या तीन भाषांपैकी ज्या एका भाषेत काल आणि उद्या यांना एकच शब्द आहे, नेमकी तीच त्याने सौजन्य म्हणून निवडली. प्रतिभाने विचारले, "कल? कल दिया?" तो मान हलवत म्हणाला, "हां हां, कल." आणि पुढच्या माणसाकडे वळला.

तिने अर्थ लावला: यंत्रे काल वाटली, आपली एका दिवसाने चुकामूक झाली, आणि बाबू हिवरीचे नाव वाचून आपल्याला वाटेने काल यायला सांगत आहे. हसू नका. हिवरीच्या माणसाला हा अर्थ सरळ आहे. गावी उतरल्यावर तिने घरी जाऊन कोणाला विचारले नाही, कारण रात्र उलटली असती तर एक खेप वाढली असती. मुलगी सासूजवळ होती. एका दिवसासाठी दीड-दोन वर्षे, आणि त्या बदल्यात पोरीची वाचा. तिने कुंपणाची तार वाकवली आणि ती आत गेली.

बुधवारची सकाळ झाली. ती घरी न जाता परभारे बसमध्ये चढली. बाबू तोच, खुर्ची तीच. "मशीन? कल आओ." म्हणजे मंगळवारी वाटली असावीत. संध्याकाळी ती पुन्हा वाटेने गेली. मंगळवारी बाबू म्हणाला, "कल."

वाचक म्हणतील की दुसऱ्या-तिसऱ्या खेपेला तरी शहाण्या बाईने थांबावे. मलाही तसे वाटले होते आणि मी तिला विचारले. ती म्हणाली, "सर, झोपच नव्हती. सकाळ व्हये, संध्याकाळ व्हये, अन् पुन्हा सकाळच. रात म्हणून आलीच नाई. अन् थांबले असते त आधीचे समदे वाया गेले असते ना." दिलेली वर्षे वाया जाऊ नयेत म्हणून ती आणखी वर्षे देत गेली. रविवारी केंद्राला कुलूप होते. दारावरचा शिपाई म्हणाला, "कल ओपन." तिला वाटले, शनिवारी उघडे होते तर.

हे तिचे अज्ञान म्हणून जे सोडून देतात, त्यांना माझा एकच प्रश्न आहे. महिनाभर रोज त्या खुर्चीतून "कल" हेच उत्तर का मिळत होते? यंत्रे आलीच नव्हती तर "आली नाहीत" असे सांगायला कोणत्या भाषेत शब्द नव्हते? एरवीच्या माणसाची या खोटेपणात एक चक्कर बुडते. तो शिव्या देतो आणि घरी जातो. तेच खोटे हिवरीच्या बाईला सांगितले की तिच्या हाडांतून वसूल होते. बोलणाऱ्याला याचा पत्ताही नसतो आणि तो जाणून घेण्याची त्याला गरजही वाटत नाही.

तिचे वय कसे उतरत गेले याचा एकमेव साक्षीदार बसचा कंडक्टर फकिरा, आणि त्याला आता त्यातले काही आठवत नाही. प्रतिभाला सगळे आठवते. बायकांना बसमध्ये बिनपैशाचे तिकीट असते, त्यासाठी आधारकार्ड दाखवावे लागते. पहिल्या दिवशी तो म्हणाला होता, "ताई, कार्ड." काही खेपांनंतर त्याने कार्ड उलटसुलट करून पाहिले.

"काकू, हे त तुमच्या पोरीचं दिसून राह्यलं."

"माहंच हाय."

"हो का? मंग फोटो काढाले पार्लरात गेल्ता वाटते!"

सगळी बस हसली. तिच्याच वयाच्या दोन बायका तोंडाला पदर लावून हसल्या. आणखी काही दिवस मागे गेल्यावर तो म्हणाला, "मावशी, खिडकीपाशी नका बसू, वारा लागते." आणि शेवटी एका सकाळी त्याने कार्ड मागितलेच नाही. दारातून हात पुढे केला. "ए आजी, पायरी पाहून. राहू दे कार्ड, बस तू." माणूस वाईट नाही. पण ताईपासून आजीपर्यंतचा जो प्रवास स्त्रीला चाळीस वर्षांत घडतो, तो तिला एकाच बसमार्गावर घडला, आणि दर वेळी तिला जागा जरा अधिक आदराने मिळाली.

त्या शेवटच्या सकाळी केंद्र उघडलेलेच नव्हते. खिडक्यांना काचा नव्हत्या, आत टेबल नव्हते, दारात वाळूचा ढीग होता आणि मारोती नावाचा पेंटर शिडीवर उभा राहून पाटी रंगवत होता. तिने यंत्राचे विचारताच तो वरूनच म्हणाला, "सेंटर कल चालू, अम्मा." इथला मराठी माणूससुद्धा कार्यालयाच्या दारात उभा राहिला की हिंदी बोलू लागतो.

"काल चालू झालं होतं?" तिने मराठीत विचारले.

"काल? काल कसं व्हईन, आजी, अजून फरशी ओली हाय. कल मंजे उद्या." तेवढ्यात त्याचा फोन वाजला आणि तो ठेकेदाराला सांगू लागला, "रेपु, सार, रेपु. पक्का रेपु."

प्रतिभा वाळूच्या ढिगावर बसली. मारोतीने खाली उतरून तिला पाणी दिले. "कोन्या गावची वं, आजी?" तिने हिवरी म्हणताच त्याने तिच्या केसांकडे पाहिले, आणि त्याच्या हातातला ब्रश थांबला. आमच्या भागात तेवढे सगळ्यांना कळते.

त्या संध्याकाळी ती वाटेकडे गेली नाही. घरी गेली. सखूबाई ओट्यावर तांदूळ निवडत होती. समोर आपल्याहून वडील बाई उभी पाहून ती उठली, डोक्यावर पदर घेतला आणि वाकून म्हणाली, "जयभीम. बसा ना, बाई. कोनाकडं आल्या?"

"आत्या, मी हाय," प्रतिभा म्हणाली.

सूप खाली पडले. गावाच्या आठवणीप्रमाणे आदल्या संध्याकाळी प्रतिभा नळावरून दोन घागरी उचलून हसत गेली होती. जीवन आला, दारात उभा राहिला, आणि ओळखायला त्याला आवाज ऐकावा लागला. त्याने फक्त विचारले, "कितीदा गेली वं तू? काऊन?" तिने सांगितले. तो उठून बाहेर गेला आणि बऱ्याच वेळाने परत आला. तिचे सगळे त्याने मानले. पण त्या दिवसापासून चारचौघांत तिला अगं म्हणताना त्याची जीभ अडते. माझीही अडते. मी प्रयत्नपूर्वक तिला 'तू'च म्हणतो, कारण 'तुम्ही' म्हटले तर जे झाले ते मी मान्य केल्यासारखे होईल.

मग तिला ते सगळे दिवस पुन्हा जगावे लागले. या वेळी रात्रींसकट. केंद्र उघडले, दीक्षाचे कान पुन्हा तपासले गेले, आणि या खेपेला ती चकरा न मारता घरी बसली. यंत्रे आलेली नाहीत हे तिच्याएवढे कोणालाच माहीत नव्हते. तिच्या डोक्यात एकच गोष्ट होती. त्या पहिल्या गुरुवारी बाबू "कल" म्हणाला होता, ते "कल"ही इतर दिवसांसारखे खोटेच होते की खरे? गुरुवार आला आणि गेला. शुक्रवारी जीवन, प्रतिभा, दीक्षा आणि मी, असे चौघे आदिलाबादला गेलो.

यंत्रे आलेली होती. खोकी भिंतीशी रचून ठेवली होती. त्या एका दिवसाचे "कल" खरे होते. एक रात्र झोपून ती सकाळी आली असती, तर एकोणतिसाव्या वर्षी आपल्या मुलीच्या कानाला यंत्र लावून घरी गेली असती. हे मला सर्वांत जास्त डाचते. रोज खोटे बोलणाऱ्याने एक दिवस खरे बोलावे आणि त्याच दिवशी माणूस बुडावा, याला काय म्हणायचे?

बाबूने प्रतिभाकडे पाहिले. "दादी नहीं चलती, अम्मा. बच्ची की माँ को लाओ. सिखाना पड़ता."

"मीच तिची आई," ती म्हणाली.

बाबू हसला. वाईट हेतूने नव्हे. लहान मुलाच्या बोलण्याला हसतात तसा. "ठीक है, ठीक है. माँ को लेके कल..."

मी टेबलावर हात आपटला. आयुष्यभर ज्याने मराठी पाटीसाठी भांडणे केली, त्या मी त्या दिवशी त्याला हात जोडून म्हटले, "बाबू, तेलुगूत बोला. तुमच्या घरच्या भाषेत बोला. रेपु की निन्न, ते नेमके सांगा."

तो गोंधळला. जीवनने पुढे होऊन आपले कार्ड ठेवले. "मी बाप हाय. बाप चालते का?"

बाबूने कार्ड पाहिले, खोक्यांकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले. मग अगदी स्वच्छ म्हणाला, "इवाळ." आज. त्या शब्दाइतका सुंदर तेलुगू शब्द मी ऐकलेला नाही. कसे लावायचे, कसे काढायचे हे तिथल्या अश्विनी नावाच्या मुलीने दाखवले. जीवनला, कारण बाप तो होता. आजीबाईंना तिने बाकावर बसायला सांगितले.

मी वरपर्यंत तक्रार केली. उत्तर आले की संबंधित कर्मचाऱ्याने अर्जदार महिलेस असे काही सांगितल्याचे आढळून येत नाही. बरोबरच आहे. ज्या दिवशी सांगितले तो दिवसच आता कोणाजवळ उरलेला नाही. खून करून प्रेताबरोबर तो दिवसही नाहीसा करता आला असता तर जगात एकही गुन्हेगार सापडला नसता, आणि आमच्या कार्यालयांना ही सोय कसलीही युक्ती न करता मिळाली आहे. माझी मागणी मोठी नव्हती. जिथे जिथे अशा वाटा आहेत, त्या टापूतल्या कार्यालयांत 'कल' हा शब्द बोलू नये. उद्या म्हणावे, रेपु म्हणावे, बोट दाखवून सांगावे. यावर विचार चालू आहे, असे कळवले आहे. गावातले उद्धवराव मला म्हणतात, "सर, जाऊ द्या ना आता. पोर ऐकून राह्यली, झालं." झाले? एका बाईचे अर्धे आयुष्य कुंपणाच्या तारेत अडकून राहिले, आणि आम्ही म्हणायचे झाले!

पोर ऐकते, हे खरे आहे. पहिल्यांदा ऐकली ती कुकरची शिट्टी, आणि घाबरून ती प्रतिभाच्या पोटात शिरली. आईला ओळखण्यात ती कधीच चुकली नव्हती. वास तोच, कुशी तीच, चेहऱ्याचे तिला काही नव्हते. अश्विनीने सांगितले होते की घरात ज्या हाका मारल्या जातात त्या आधी येतील. त्याप्रमाणे दोन महिन्यांनी, दुपारी, ओट्यावर खेळताना दीक्षाने मागे वळून प्रतिभाकडे हात केला आणि हाक मारली. स्पष्ट, मोठ्याने, आयुष्यातला पहिला शब्द.

"आजी!"

दुसरे काय म्हणणार? गल्लीतली पोरे तिला तेच म्हणतात. दूधवाला तेच म्हणतो. प्रतिभाला 'आई' अशी हाक कोणी मारलेली त्या पोरीने ऐकलीच नव्हती. सखूबाई रडत हसत म्हणाली, "बोलली वं! काईही म्हणो, बोलली ना!" शेजारच्या बायका जमल्या, कोणी साखर आणली.

मी त्या वेळी तिथे होतो. प्रतिभाने साखर घेतली नाही. तिने दीक्षाला उचलून समोर बसवले, आपल्या गळ्यावर तिचा हात ठेवला, म्हणजे आवाजाची थरथर बोटांना लागावी, आणि म्हणाली, "आजी नाई. आई. म्हण. आ, ई."

"आजी," दीक्षा आनंदाने म्हणाली.

"राहू दे आज," जीवन म्हणाला. "सकाळी शिकव."

"मी सकाळवर ठेवत नाई कायी," ती त्याच्याकडे न पाहता म्हणाली. मग मला म्हणाली, "सर, एक अक्षरच काढाचं हाय ना मधातलं? 'ज' तेवढा काढाचा."

मी होय म्हटले. 'ज' हा 'आई'तल्या कोणत्याही ध्वनीपेक्षा कठीण असतो. पोरीने कठीण आधी उचलले होते. बायका एकेक करून घरी गेल्या, ऊन ओट्यावरून उतरले, सखूबाईने दिवाबत्तीसाठी हाक मारली. प्रतिभा उठली नाही. पोरीचा हात तिच्या सुरकुतलेल्या गळ्यावर तसाच धरलेला होता.

"आ," ती म्हणत होती. "ई. पुन्हा म्हण."